चौथा दिवस

सेक्टर बावीस, चंदीगड
१८ जानेवारी १९८०

प्रिय रत्नप्रभा,

तुमची बदली भोपाळला झाल्यापासून शेजारच्या क्वार्टरमध्ये एक सरदारजी राहतात. त्यांची बायको भिंतीवरून सरसोंच्या पाल्याचं साग देते, मी भाकरी देते. बरी आहे. पण थंडीत भिंतीशी तासन्‌तास उभं राहणं तुझ्याबरोबरच संपलं.

एकाहत्तर सालचा मंडळाचा महाराष्ट्र दिन आठवतो? पुरणपोळ्या तू करणार होतीस. तुम्ही बौद्ध असल्याचं कळल्यावर बायका कुजबुजू लागल्या. मला भांडवेना. तू बाजूला बसलीयस, असं मी त्यांना सांगितलं आणि तुला कळवलं, पोळ्यांना माणसं पुरेशी आहेत. तू तरी डबा घेऊन आलीस. मीनाक्षीवहिनींनी सगळ्यांसमोर विचारलं, अशा दिवसांत स्वयंपाक कसा केला? तू एकदाच माझ्याकडे पाहिलंस आणि हसून म्हणालीस, “चौथा दिवस आहे हो, डोक्यावरून न्हाऊन आलेय.” तरी डबा जवळजवळ भरलेलाच परत गेला. त्याबद्दल तू मला कधी विचारलं नाहीस.

पुढे त्याच बायका तुझ्या पोळ्यांसाठी अडून बसायच्या. आमचे हे तर तीन-तीन खायचे. मला वाटलं, संपलं सगळं.

तुम्ही गेल्यावर तुझा अशोक हॉस्टेलवरून दर रविवारी जेवायला यायचा. त्याचं आणि आमच्या नयनाचं दिवाळीनंतर कळलं. हे ओरडले नाहीत. सांगलीला भावाला पत्र टाकलं. महिन्याभरात स्थळ आलं, ठरलंही. बारा फेब्रुवारीला तिथेच लग्न आहे. नयनाने माझ्याकडे बघून एवढंच विचारलं, “मम्मी, आप भी?” मी कणीक मळत राहिले.

अशोक सध्या तुझ्याकडे आहे, आणि सांगलीला जाणार म्हणतो, असं कळलं. दिरांची माणसं चांगली नाहीत गं. ह्यांनी सांगितलं म्हणून हे पत्र लिहितेय, असं लिहिणार होते. ह्यांना पत्राचा पत्ताच नाही. ठरवण्यापूर्वी त्यांनी मला विचारलं होतं, तुझं काय म्हणणं? ‘लोक काय म्हणतील’ हे शब्द माझे. आता तूच अशोकला अडव. नयनाने खुशीने होकार दिला, असं सांग. माझ्यावर त्याचा विश्वास बसणार नाही. तुझ्यावर बसेल.

तुझीच, अजून म्हणू देत असशील तर,
सुहासिनी