पूजेत बसलेली मशीन

अष्टमी, २००८. वसमत
मी सांगते, नात सुमी लिहून राहिली. मधीमधी हसते.
माझा लेक दत्ता, सुमीचा बाप, गॅरेजवाला. डोंगरकडा गावच्या ग्यानबाची जीप आलीय. तिचा कॉम्प्युटर जळाला, दत्तानं नवा बसवला. पण नवा गाडीची चावी ओळखत न्हाई. दत्ताच्या लॅपटॉपसारख्या मशीननं ओळख करून द्यावी लागते म्हणे. नव्या सुनेसारखे नखरे.
ग्यानबाच्या लेकीचे दिवस भरलेत. मळ्यात राहतात, दुसरी गाडी न्हाई. दसऱ्याला जीप देतो, दत्तानं शब्द दिला.

खंडेनवमी
पाने, जॅक धुऊन पाटावर मांडले. दत्तानं मशीनही मांडली. म्हटलं, "ती काहून रे? ती काय लोखंड हाय?"
"आई, पोट तिच्यावर. मंग हत्यार तेच." हळदकुंकू लावलं. आज हत्याराला हात न्हाई.

दसरा
पूजा उठवली, मशीन उघडली, तर कुलूप! परवाना काल संपला. पुढल्या सालाचा घेतलेला, फक्त काल नेट लावून चालू करायचा होता; मुदत गेली की कुलूप कंपनीच काढते. काल बाईसाहेब हळद लावून बसलेल्या. दत्ता विसरला.
कंपनी पुण्याला. फोन उचलला न्हाई. सुट्टी.
ग्यानबा सोनं घेऊन आला. "झाली का रे?" दत्तानं पानं घेतली, मशीनीचं कुलूप दाखवलं.

एकादशी
फोन लागला. पुण्याची बाई म्हणाली, मशीन इकडं पाठवा, आठवडा लागंल.
नांदेडचा एक ओळखीचा मशीनीच्या प्रोग्रॅमची चोरीची सीडी देऊन गेला. तिला कुलूप न्हाई.
"चालंल का रे?"
"चालली तर लगेच. न्हाई तर नवा कॉम्प्युटर बी जळंल. वर कंपनीला कळलं, तर माझा परवाना कायमचा गेला."
जेवला न्हाई. मी चिडवलं, तरी हसला न्हाई.

द्वादशी, सकाळ
गॅरेजातच बसून सांगते. ग्यानबा आलाय. म्हटलं, लेकीला आमच्याकडं आणून ठेव.
"काकू, पहिलं बाळंतपण. तिची माय न्हाई ऐकत. अन् फाट्यापर्यंत बैलगाडीचे हादरे..."
दत्तानं सीडीचं सगळं सांगितलं, लपवलं न्हाई. ग्यानबा बोनेटवर हात ठेवून उभा. मग म्हणाला, "दत्ता, तुझी लेक असती तर?"
दत्ता सुमीकडं पाहतो. सीडी त्याच्या हातात.
लिव गं, म्हणते मी. सुमी बापाच्या हाताकडं पाहून राह्यली.