तिसऱ्या अंकातली कडी

मी, खाली सही करणारा, वय एकाहत्तर, धंदा नाटके लिहिणे, हे मृत्युपत्र राजीखुशीने लिहून ठेवतो. डोके ठिकाणावर असल्याचा डॉक्टरांचा दाखला जोडला आहे. मुलाला तो खोटा वाटल्यास त्याने खुशाल कोर्टात जावे. तेवढेच त्याचे घराबाहेर पडणे होईल.

१. राहते घर बायकोला. माझ्या चार नाटकांत तिची भांडणे शब्दशः आहेत. "घरात तोंड उघडायची सोय नाही, लगेच पडदा वर जातो," असे ती म्हणाली होती. तेही मी वापरले.

२. लिहायचे टेबल मुलाला. डावा खण उघडत नाही. आत काही नाही, हे मी त्याला दहा वेळा सांगितले आहे, तरी तो फोडणारच.

३. थोरल्या भावाची भूमिका करणाऱ्या नटाने माझ्या शोकसभेत बोलू नये. त्याला रडू आवरत नाही.

४. आता दादा. माझा सख्खा थोरला भाऊ, सुतार. सव्वीस वर्षे आम्ही बोललेलो नाही. माझ्या सर्वांत गाजलेल्या नाटकात, स्वतःच्या मनाने लग्न केलेली बहीण एका दुपारी पिशवी घेऊन माहेरी परत येते आणि थोरला आतून कडी लावतो. घर कोणाचे, हे सगळ्या गावाने ओळखले. लोक दादाला 'कडीवाला' म्हणू लागले.

त्या नाटकाचे नेपथ्य दादानेच केले. त्याला झोंबावे म्हणून मी मुद्दाम त्यालाच काम दिले होते. आमच्या दाराला दोन कड्या होत्या. दादा सहा फुटी. वरचीला त्याचाच हात पोचे. खालची माझी. मी वरची लिहिली होती, त्याने फक्त खालची बसवली. उंच नट ती लावायला वाकायचा, आणि समीक्षकांना त्या वाकण्यात अपराधीपणा दिसला. रंगीत तालमीला मी जाब विचारला.

"होती तिथेच लावली," दादा म्हणाला.

आमची ताई खरोखर परत आली, त्या दुपारी दादा कामावर होता. कडी मी लावली. ताई राहिली असती तर माझी लिहायची खोली तिला द्यावी लागली असती. ती पुन्हा आली नाही, तिच्या मरणाची बातमीच आली.

दादाने हे कोणाला सांगितले नाही, याचा मला आजही संताप येतो. बोलला असता तर मी त्याला खोटा पाडून मोकळा झालो असतो.

या नाटकाचे सर्व हक्क दादाला. तिसरा अंक नव्याने लिहून पाकिटात ठेवला आहे. यापुढे प्रयोग झालाच तर कडी धाकटा लावील. मी माफी मागत नाही. त्याने ती देऊन टाकली तर मला सोसणार नाही.

साक्षीदार:

१. नाटकमंडळीचा प्रॉम्प्टर (सही)

२. शेजारचा शिंपी (सही). या जागी दादाला बोलावले होते. वाटा मिळणाऱ्याची साक्ष चालत नाही, हे वकिलांनी मागाहून सांगितले. दादा आला, त्याने दार वाजवले. मी खुर्चीतून उठून कडी काढेपर्यंत जिन्यात फक्त शिंपी होता. "दोनदा वाजवलं आणि गेले," तो म्हणाला.

ठिकाण: राहते घर. सात फेब्रुवारी, दुपारी.

(सही) धाकटा