शेवटच्या भागातलं आपलं घर

हैदराबाद

लहानूजी, सप्रेम जयभीम.

आपला रुपेश बरा आहे, दोन वेळा जेवतो. तुम्ही गोळ्या वेळेवर घेताय ना? फोनवर बोललं की तो ऐकतो, म्हणून लिहिते.

तो काम करतो त्या राजा-राक्षसांच्या मालिकेचा पहिला सीझन संपत आला. शेवटच्या भागात गाव जळतं. ते तो संगणकावर बनवतो. काल पाहिलं, त्यात आपलं देवळीचं घर आहे. ज्या दारातून तुम्ही त्याला हाकललंत ते निळं दार, ओसरीवर तुमची खुर्ची.

"घरात कोणी आहे का रे?" मी विचारलं.

"ठरवलं नाई अजून," म्हणाला. वर पाहिलं नाही.

दोन वर्षांचा अबोला पुरे. पत्र मिळताच तुम्हीच त्याला फोन करा. आज सकाळपर्यंत खुर्ची रिकामी होती.

तुमची,
यशोधरा