सातव्या भागातलं रडणं

४ जून, बुधवार
दुसरा सीझन येतोय म्हणे! सकाळपासून फोन वाजतोय. शेजारची काकू तर थेट दारात — "काय गं, ती बया सावरते का या वेळी? मला एकटीला सांग." जशी काही कथा मीच लिहिते! परदेशी मालिकेतल्या नायिकेला मी मराठीत आवाज देते, तिचं नशीब माझ्या हातात नाही. जाहिरातीत लिहिलंय, 'मनाच्या जखमा, आता आणखी खोल.' खोल म्हणे! विहीर खणताय का?

तरी आतून खूश आहे. काम येणार.

९ जून
डबिंगच्या साहेबांचा फोन नाही.

११ जून
शेवटी मीच केला. साहेब गोड गोड बोलले. पोर गेल्यापासून नायिका बोलणंच टाकते, अख्खा सीझन नुसती रडते. "मग रडायला येते की," मी म्हटलं. तर म्हणतात, "कशाला त्रास घेतेस? पहिल्या सीझनच्या सातव्या भागातलं तुझं रडणं आहे ना आपल्याकडे. एक नंबर झालंय. तेच कापून कापून लावू."

कापून कापून! काकडी आहे का ती?

१२ जून
राग उतरत नाही. तो सातवा भाग दादा गेला त्याच आठवड्यातला. दवाखान्यातली धावपळ, नातेवाइकांना फोन, आईला सांभाळणं — सगळं माझ्याच अंगावर. रडायला फुरसत कुणाला होती? मग स्टुडिओत काचेआड उभी राहिले, पडद्यावर त्या बाईने पोराचे बूट हातात घेतले आणि माझा बांध फुटला. हमसून हमसून रडले. बाहेर सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. साहेब म्हणाले, "एका टेकमध्ये! वा!" अभिनय समजले. मीही समजू दिलं.

आणि आई! तेव्हापासून तिचा एकच धोशा — "सख्खा भाऊ गेला, पण हिच्या डोळ्यांत टिपूस आलं नाही. दगड आहे दगड." दोन वर्षं ऐकतेय. जेवायला वाढतानासुद्धा ऐकवते. काय सांगू तिला? की स्टुडिओत रडून आले?

१६ जून
आज जाऊन भांडलेच. "ते रडणं काढा. नवीन रडून देते, हवं तेवढं." साहेब हसले. "अगं, रडणं ते रडणं. जुनं काय नि नवं काय!" मग तोंडावर सांगितलं — ते तुमच्या नायिकेच्या पोरासाठी नाही, माझ्या भावासाठी आहे. साहेब खाली बघत म्हणाले, "ट्रेलर कालच बाहेर गेला गं, त्याच रडण्यासकट."

समोरचा चहा त्यांच्या अंगावर ओतावासा वाटला. ओतला नाही. उगाच सोडलं त्यांना!

१७ जून
काकूने कौतुकाने आईला फोनवर ट्रेलर दाखवला. "बघा, तुमच्या लेकीचा आवाज!" आईने तो पुन्हा लावायला सांगितला. मग काकूला घरी पाठवलं आणि माझ्याकडे वळली.

"हे दादासाठी रडलीस तू."

मी हो म्हटलं.

"त्या परक्या बाईला दिलंस," आई म्हणाली. "मी तर घरात शेजारच्याच खोलीत होते."