राहून गेलेला शॉट

सौ. ताईस,

धाकट्याचा उभ्या उभ्याच नमस्कार. (वाकता येत नाही, कमरेला पट्टा आहे. कारण खाली येईलच.) तुझे गुडघे काय म्हणतात? भाऊजींचा खोकला आणि खोकल्यावरचं भाषण, दोन्ही ओसरलं असेल अशी आशा करतो.

लिहायला बसलो याचं कारण असं, की इतकी वर्षं अंधाऱ्या खोलीत बसून दुसऱ्यांचे चेहरे कापणारा तुझा भाऊ परवा स्वतःच कॅमेऱ्यापुढे उभा राहिला. उभा कसला, लटकला. झालं काय, की चित्रपट जोडताना मला त्यात एक भोक सापडलं. नायक आता खोलीत आहे, आणि लगेच चौथ्या मजल्याबाहेरच्या कठड्यावर! मधे तो खिडकीतून बाहेर पडतो, ते कुणी टिपलंच नव्हतं. मी दिग्दर्शकाला ऐटीत बजावलं, हा शॉट मिळाल्याशिवाय पुढे हात लावणार नाही. (जिभेला हाड नसतं. कमरेला असतं, हे तेव्हा ध्यानात आलं नाही.) नायकाने तोवर दुसऱ्या चित्रपटासाठी टक्कल केलं होतं. दिग्दर्शकाने मला मागून न्याहाळलं आणि कपडेवालीला नायकाचा कोट आणायला सांगितलं. पाठमोराच तर दिसणार आहेस, म्हणाला.

कठडा वीतभर रुंद. माझ्या कमरेला दोरी, दोरीचं दुसरं टोक आत पलंगाला, आणि पलंगावर वजन म्हणून दोरीवाले काका. बाहेर पडलो, भिंतीला चिकटून सरकू लागलो, तोच पायाखालचा गिलावा सुटला. मी खाली घसरलो, दोरीला हिसका बसला, आणि आत पलंग काकांना घेऊन करकरत खिडकीकडे निघाला. बोटं कठड्यावर, पाय हवेत. समोरच्या गच्चीवरून कॅमेरा चालूच. त्यांना वाटलं, काय जीव ओतलाय! कुणी कुठे थांबायचं हे मी जन्मभर ठरवत आलो, पण हा शॉट थांबवायला कुणी तयार नव्हतं. तोंडून हाक गेली ती "ताई!" अशी. देवाला नाही, बायकोला तर नाहीच. (हे तिला कळवू नकोस.)

पलंग खिडकीच्या चौकटीत अडकला. काकांचा आवाज आला, "हलू नका. मी आहे." त्यांनी कोटाची कॉलर धरून मला आत ओढलं. मग आम्ही दोघं फरशीवर बसून राहिलो.

आता तो शॉट माझ्याच टेबलावर आहे. चेहरा दिसत नाही, हाक तेवढी ऐकू येते. मी ती काढायला निघालो, तर दिग्दर्शक माझा हात धरून म्हणाला, "तिला कात्री लावायची नाही."

भाऊजींना नमस्कार.

तुझा,
धाकटा

ता. क. : पंचाईत अशी, की कथेत नायकाला बहीणच नाही. आता लिहिली आहे. चार नट्या बोलावून पाहिल्या, पण त्या हाकेला कुणाचीच 'ओ' जुळेना. कशी जुळणार? तेव्हा ताई, चार दिवस येशील का?

ता. क. दुसरा : भाऊजींना सांग, बसून करायचं काम आहे. खिडकीतून जरासं वाकावं लागेल, ते तू इथे आल्यावर बघू.