बाहीवरचा खडू

सोमवार, २४ जानेवारी १९१६

डुगल्डच्या जाकिटाच्या उजव्या बाहीवर खडू. सून गेल्यापासून लेकाचं धुणं माझ्याच गळ्यात, म्हणून दिसलं. गोदीत जहाजाचे पत्रे जोडायला रिबिटं ठोकणाऱ्याच्या बाहीला काजळी लागते, शेंदूर लागतो. खडू असतो तपासनिसाकडे. तो हातोडीनं एकेक रिबिट वाजवतो, ढिलं निघालं की भोवती पांढरं कडं काढतो. मग ते कोरून काढायचं आणि नवं ठोकायचं. नाहीतर कड्यावर थुंकायचं, बाहीनं पुसायचं आणि तोंड बंद ठेवायचं. माझ्या नवऱ्यानं तीस वर्षं रिबिटं ठोकली. मला कोण शिकवणार.

मंगळवार, २५ जानेवारी

ओटची पेज वाढताना विचारलं. म्हणाला, पोरांनी भिंतीवर रेघोट्या मारल्या होत्या, बाही घासली. चाळिशी उलटली, अजून धड खोटं बोलता येत नाही. मग म्हणाला, "तीनच होती, आई. डनलिनच्या पुढच्या आडभिंतीत. मुकादम डोक्यावर बसलाय, जहाज मार्चात हवंय."

डनलिन म्हणजे विनाशिका. लांब, अरुंद, पत्रा माझ्या तव्याहून पातळ. चिलखत नाही. "चिलखत म्हणजे वजन. तिनं पळायचं, तेच तिचं चिलखत" – हे डुगल्डच सांगत असतो. पोटात नुसते बॉयलर आणि यंत्रं. नाक फुटलं तर पाणी अडवायला तेवढी ती आडभिंत.

"आणि भिंत गळली तर?"

"तिच्यावर आपलं कोण आहे?"

पेज टाकून गेला. मी खाल्ली.

रविवार, ६ फेब्रुवारी

एर्ची आला. डुगल्डचा एकुलता, नौदलात बॉयलरवर आगवाला. दारातूनच म्हणाला, "आजी, माझी बदली डनलिनवर. बाबांनी ठोकलेलं जहाज. बुडलो तर कोणाला धरायचं ते तरी कळलं."

मी हसले. डुगल्डचा बटाटा काट्यावरच राहिला.

सोमवार, ७ फेब्रुवारी

डुगल्डला म्हटलं, जा, सांगून टाक. म्हणे, "मी एकटा नाही अडकणार, आमची चौघांची टोळी अडकेल. लढाईच्या कामात लबाडी म्हणजे कोर्ट."

"मग मला सांग. कुठली?"

"डाव्या अंगाला, खालून दुसरी ओळ." माझ्याकडे बघितलं नाही.

बुधवार, ९ फेब्रुवारी

पुरुष लढाईवर गेल्यापासून गोदीत बायका घेतात. मी जहाजं घासते. आज बादलीत, चिंध्यांखाली, नवऱ्याची लहान हातोडी नेली आणि आळीतल्या पोरांकडून घेतलेला खडू. डनलिनच्या पुढच्या भागात गुडघे टेकले. घासणाऱ्या म्हातारीकडे कोणी बघत नाही, हे एक बरं. घट्ट रिबिट टण्ण वाजतं. ढिलं वाजतं कच्च्या मडक्यासारखं.

तीन नव्हती. अकरा होती. डुगल्डला खोटं बोलता येतं म्हणायचं – किंवा बाकीच्यांच्या बाह्या त्यांच्या घरी धुतल्या जातात. अकराच्या अकरांना कडी काढली. तपासनीस काढतो तशीच, खाली शेपूट सोडून.

गुरुवार, १० फेब्रुवारी

मुकादम मॅकस्पॉरन लालबुंद. तपासनिसाला म्हणाला, "साहेब, ही कडी तुमची?" त्याला बिचाऱ्याला आठवेना. पण आठवत नाही असं मुकादमापुढे म्हणेल कसा? एक वाजवलं, ऐकलं, म्हणाला, "मग काय तुझी?" सगळी कोरायला लावली. डुगल्डच्याच टोळीला.

संध्याकाळी डुगल्ड म्हणाला, "आई, तुझ्या एप्रनला खडू लागलाय."

"मग तू धू," म्हटलं.

सोमवार, ५ जून

उत्तर समुद्रात मोठी लढाई झाली. डनलिनचं काही कळत नाही. धुणं केलं.

शनिवार, १० जून

आली. क्लाइड नदीतून उलटी, शेपटाकडून ओढत आणली. नाक नाहीच, नुसतं भगदाड. त्यातून आडभिंत दिसत होती. उभी. आमच्या आळीतल्या बायका रडत होत्या. मी खालून दुसरी ओळ बघत होते.

मंगळवार, ११ जुलै

एर्ची इस्पितळातून घरी. डावा पाय घोट्याखाली नाही. नौदलानं मोकळा केला, आता याला कोणी समुद्रावर नेणार नाही.

जेवताना सांगत होता, "पलीकडून पाणी ढुशा देत होतं, आम्ही भिंतीला पाठ लावून उभे. थेंब आला नाही, आजी." मग बापाकडे वळून, "बाबा, काय भिंत ठोकलीत."

डुगल्डनं पाईप पेटवला. तीन काड्या लागल्या.

सोमवार, ४ सप्टेंबर

गोदीत डनलिनच्या जागी नवी विनाशिका उभी राहिली आहे. तिच्यावर आपलं कोणी नाही.

डुगल्डच्या जाकिटाच्या उजव्या बाहीवर खडू.

धुतलं नाही. तसंच खुंटीला टांगलं, एर्चीच्या कुबड्यांशेजारी.