गौरेशच्या उड्या

लालबाग,
११ जानेवारी २०२६, रविवार

सुचिताई,

नमस्कार. तू बरी असशील, भावोजी आणि वैभव पण बरे असतील असं धरून चालते. इकडे सगळे मजेत आहेत. म्हणजे मी सोडून.

पत्र बघून हसू नकोस. लालबागवरून गिरगावला कोण पत्र पाठवतं? पण तू माझा नंबर ब्लॉक केलास त्याला तीन वर्षं होतील. हितेंद्रच्या फोनवरून करीन तर आमची खोली दहा बाय बारा, एक बोलला की तिघं ऐकतात. म्हणून गौरेशच्या वहीचं पान फाडलं. चुका बघू नकोस, आठवीनंतर एवढं मोठं मी काय लिहिलेलंच नाय.

तर माझ्या डोक्याला नवीन ताप आलाय, तो सांगते. हितेंद्र साफसफाईचं काम बघतो ते लोअर परळचं ऑफिस दिवाळीनंतर नवी मुंबईला गेलं. जाताना साहेब लोकांनी त्यांचं खेळायचं मशीन ह्याला देऊन टाकलं. एक डबा टीव्हीला जोडायचा आणि दोन छोटे रिमोट. रिमोट मनगटाला पट्टीने बांधायचा आणि आपणच हलायचं. आपण हात फिरवला की टीव्हीतला माणूस बॅट फिरवतो. आपण जागेवर पळालो की तो पळतो. आपण उडी मारली की तो मारतो.

सासूबाईंनी दारातच विचारलं, "ह्या काय हाडलंस रे मेल्या? घरात पाय ठेवूक जागा नाय."

हा म्हणतो, "आई, व्यायाम होतो. ऑफिसातले साहेब जेवले की हेच करायचे."

"साहेबांका घरी कपडे धुवूचे नसतत."

पण ऐकतो कोण! पहिल्याच रविवारी ह्याने चेंडू टाकायचा खेळ लावला. पट्टी बांधायचा कंटाळा. हात मागे नेला, जोरात पुढे आणला, रिमोट सुटला तो सरळ मांडणीवर. डाळीचा डबा खाली, सगळी तूरडाळ कॉटखाली. मी तासभर कॉटखाली, आणि हा वरून विचारतो, रिमोट फुटला का बघ ना. डाळीचं काय नाय त्याला.

खालचे शामराव झाडूच्या दांड्याने छत ठोकतात. परवा वरच आले. "सूनबाई, गिरणीत तीस वर्षं काढली मी. एवढा आवाज आमच्या कापड विणायच्या साच्यांनी पण केला नाय." मी चहा दिला. चहा पिऊन स्वतःच रिमोट घेतला आणि अर्धा तास टेनिस खेळले. आता खाली छत कोण ठोकतं माहीत नाय.

आणि पोरं! संध्याकाळ झाली की दाराबाहेर सोळा चपला. सगळ्यांना एकच खेळ पायजे, पळायचा. टीव्हीतला माणूस पळतो, मध्ये खड्डा आला की उडी मारायची. शेजारची अपेक्षा सगळ्यात पुढे. आठ वर्षांची आहे, तोंड चाळीस वर्षांचं. मला म्हणते, "काकी, तुमचा गौरेश उडी मारतच नाय. नुसता खाली-वर होतो." मी म्हटलं, आधी नाक पूस, मग बोल. एवढा राग आला मला, लहान पोरीवर.

तो दमतो लवकर. थंडी आहे ना. सासूबाई म्हणतात, माझ्या नातवाच्या पोटऱ्या बघा, पैलवानाच्या आहेत, नुसता आळस भरलाय. आळसच असेल.

बरं, एक गंमत. एकदा मी रिमोट मॅक्सीच्या खिशात टाकला आणि लसणाची चटणी कुटायला बसले. टीव्ही चालूच होता. मी कुटतेय आणि तिकडे तो माणूस टणाटण उड्या मारतोय! त्या मशीनला पाय दिसतच नायत गं. त्याला फक्त रिमोटचा झटका कळतो. येडं मशीन. तेव्हापासून गौरेशचा नंबर पहिला येतो.

आता चाळ कमिटीच्या नानांच्या डोक्यात नवीन खूळ आहे. आमच्या चाळीची सव्वीस जानेवारीची सत्यनारायणाची पूजा त्यांच्याकडे असते. दरवर्षी पोरांची लिंबू-चमचा घ्यायचे. ह्या वर्षी म्हणे लिंबू-चमचा बंद, मशीन खाली चौकात लावायचं. हितेंद्रने गौरेशचं नाव पहिलं दिलंय. मला विचारलं पण नाय.

ताई, एक विचारायचं होतं. वैभव सहा-सात वर्षांचा असताना उड्या मारायचा का? दोन्ही पाय जमिनीवरून सुटायचे का? सहज विचारते. वेळ असला तर दोन ओळी लिही.

तुझी,
दर्शना

लालबाग,
२८ जानेवारी, बुधवार

सुचिताई,

उत्तर आलं नाय. येणार नाय हे माहीत होतं. तीन वर्षांनी पत्र लिहिलं आणि त्यात काय, तर तूरडाळ आणि शामराव. तू बरोबर ओळखलं असशील मी काय विचारत होते. आता सरळ लिहिते. दुपार आहे, सासूबाई पूजेची भांडी परत करायला गेल्यात, गौरेश शाळेत आहे.

गौरेशला उडी मारता येत नाय.

ते पहिल्या नंबरचं मी लिहिलं होतं ना, ते खोटं आहे. दोन रिमोट. त्याच्या हातात मी चार्जिंग नसलेला द्यायचे आणि चालू असलेला माझ्याकडे. तो टीव्हीसमोर, मी ओट्याशी पाठ करून. खड्डा आला की तो दोन्ही हात वर करायचा, आणि मी कांदा चिरता चिरता मनगटाला झटका द्यायचे. पदराआड, नायतर मॅक्सीच्या खिशात हात घालून. हितेंद्र कॉटवर बसून शिट्ट्या मारायचा. "आज वीस! वाघ आहे माझा!" त्या वीस उड्या मी मारल्या, ताई.

आधी मला वाटलं त्याला कळत नाय. दुसऱ्याच दिवशी शाळेतून आला, दप्तर ठेवलं आणि म्हणाला, "आई, आज पण तू कर. मी फक्त हात वर करतो. पप्पांना सांगू नको हा."

मी म्हटलं, नाय सांगत.

असे दोन महिने काढले. पोरगा शाळेचा जिना कठडा धरून चढतो ते मी बघत होते. बाई म्हणाल्या मागे राहतो, तर मी म्हटलं खोडकर आहे. मशीनवर राग काढला, अपेक्षावर काढला, शामरावांवर काढला. पण डॉक्टरकडे नेलं नाय. नेलं की खरं झालं असतं.

सव्वीसला चौकात खुर्च्या मांडल्या. कथा झाली, प्रसाद झाला, मग नाना माईक घेऊन उभे. मी बायकांच्या मागे जागा धरली होती, चालू रिमोट पदरात घेऊन. नानांनी माईकवरूनच सांगितलं, "दोन्ही रिमोट इकडे आणा. इथे वशिला चालणार नाय." सगळे हसले. दुसरा रिमोट हितेंद्रने सकाळीच चार्ज करून ठेवला होता, मला न सांगता. हितेंद्र स्वतः आला, माझ्या हातातला रिमोट घेऊन गेला आणि गौरेशच्या मनगटाला पट्टी बांधली. घट्ट.

गौरेशची जोडी अपेक्षाबरोबर. शिट्टी झाली. अपेक्षाचा माणूस खड्ड्यामागून खड्डा ओलांडत गेला. गौरेशने गुडघे वाकवले, टाचा वर केल्या आणि तिथेच राहिला. माणूस खड्ड्यात. परत केलं. परत खड्ड्यात. पोरं मोजायला लागली, एऽऽक, दोऽऽन, तीऽऽन. हितेंद्र ओरडला, "अरे उडी मार ना, शेळपट! घरी वीस मारतोस!"

तो मागे वळला. एवढ्या माणसांत मला शोधलं आणि मोठ्याने म्हणाला, "आई, तू कर ना."

लोकांना काय कळलं नाय. हितेंद्रला पण नाय. मग त्याने अजून एकदा जोर लावला आणि पाय दुमडून खालीच बसला. लागलं नाय काय. पण उठताना, ताई, त्याने आधी हात जमिनीवर टेकले. मग गुडघ्यांवर. मग मांड्यांवर. स्वतःच्याच अंगावर चढावं तसा उठून उभा राहिला.

असंच उठायचा ना वैभव? चार वर्षांचा होता, तुमच्या गॅलरीत. आणि मी हसले होते. म्हटलं होतं, बघ बघ, म्हातारा उठला. पोटऱ्या पण अशाच होत्या त्याच्या, पैलवानाच्या.

अपेक्षाने तिचा रिमोट काढून नानांच्या हातात दिला. म्हणाली, "मला नाय खेळायचं, माझे पाय दुखतात." खोटं बोलली. तिला मी पंधरा दिवस शिव्या घालत होते.

घरी आल्यावर हितेंद्रला सगळं सांगितलं. तो ओरडेल म्हणून भांडी घासत सांगितलं, नळ चालू ठेवून. तो ओरडला नाय. त्याने येऊन नळ बंद केला आणि विचारलं, "किती दिवस?"

"दिवाळीनंतर. मशीन आलं तेव्हापासून."

"आणि मी शिट्ट्या मारत बसलो," तो म्हणाला. चप्पल घालून खाली गेला तो जेवायलाच वर आला. तेव्हा गौरेशला म्हणाला, "मी तुला शेळपट बोललो ना, ते माझं चुकलं." गौरेश म्हणतो, "चालतं पप्पा. पापड द्या."

सासूबाई आता बोलणार, तुमच्याकडचं आहे, तुमच्या माहेरचं आहे, म्हणून मी कान बंद करून बसले होते. त्या कितीतरी वेळ गौरेशच्या पोटऱ्या दाबत राहिल्या. मग म्हणाल्या, "तुझ्या भयणीक इचार गो. तिका म्हायत आसतला." एवढंच. त्यांना पण तो दिवस आठवत असणार.

तो दिवस मला पण लिहायचाच आहे. गौरेशचा चौथा वाढदिवस. तू केक घेऊन आली होतीस. मला बाजूला घेऊन हळू आवाजात सांगितलंस, "डॉक्टर म्हणाले हा आजार आईकडून मुलग्यांत येतो. बहिणीच्या मुलाला पण एकदा दाखवा म्हणाले. गौरेशला दाखवून घे." तू बाजूला घेतलंस, आणि मी सगळ्यांसमोर ओरडले. म्हटलं, स्वतःच्या पोराचं माझ्या पोराच्या अंगावर ढकलू नकोस. माझ्या पोराला नजर लावू नकोस. सासूबाईंनी मीठ-मिरच्या दिल्या आणि मी गौरेशची दृष्ट काढली. तू अजून दारात चपला घालत होतीस. थांबायचं होतं मला, तू जिना उतरेपर्यंत तरी. मी थांबले नाय. मिरच्यांचा ठसका लागून तू खोकत खोकत खाली उतरलीस ते मला ऐकायला येत होतं.

आणि अजून एक आहे, ते तुला माहीत नाय. वैभवला पहिल्यांदा मोठ्या हॉस्पिटलात न्यायचं होतं तेव्हा तू मला फोन केला होतास, सोबत चल म्हणून. मी म्हटलं घरी पाहुणे आलेत. कोणी आलं नव्हतं, ताई. मला भीती वाटली होती. नवीन लग्न झालेलं, म्हटलं ह्यांच्या घरी कळेल. तू एकटी गेलीस. काय विचारायचं, काय नाय, कागद कसे वाचायचे, सगळं एकटीने.

शुक्रवारी सकाळी नऊ वाजता मोठ्या हॉस्पिटलात आमचा नंबर आहे. हितेंद्रने सुट्टी घेतलीय. मला तिकडे गेल्यावर काय सुचणार नाय, मला माहीत आहे. डॉक्टर बोलतील आणि मी नुसती मान हलवीन.

हे पत्र पोस्टात टाकत नाय. उद्या गुरुवारी चार वाजता मी स्वतः घेऊन येईन, तुझ्या दाराखालून आत सरकवीन आणि खाली जाईन. दार वाजवायची माझी हिंमत नाय, आणि वैभव घरात असताना मी कुठल्या तोंडाने आत येऊ? हितेंद्र आणि गौरेश खाली वाडीत उभे असतील. गौरेशला सांगितलंय, मावशीला भेटायचं आहे. त्याला तू आठवत नाहीस, पण कोणीतरी भेटणार म्हणून खूश आहे.

वाचून झालं की गॅलरीत ये. मी त्याला वाडीच्या दारापासून तुझ्या जिन्यापर्यंत चालायला लावीन आणि तीन पायऱ्या चढायला सांगीन. तू नुसतं बघ. तू नऊ वर्षं हेच बघतेस, तुला तेवढ्यावरून कळेल. डॉक्टरांच्या आधी मला ते तुझ्याकडून कळू दे.

तसलं काय नसलं तर वरूनच चार शिव्या घाल, अख्ख्या वाडीला ऐकू जातील अशा घाल. असलं तर काय बोलू नकोस. पण दोन्हीत खाली ये, ताई. एवढं कर.

जिने तुला खोकत जाऊ दिलं, ती तुझी धाकटी,
दर्शना